गेटवरचं आंदोलन वेगळं, खंडणी वेगळी

प्रश्न : चाकण एमआयडीसीत माझं खोकी बनवण्याचं छोटं युनिट आहे, बावीस कामगार. तीन आठवड्यांपूर्वी चौघं जण ऑफिसात आले. माथाडी संघटनेचे आहोत म्हणाले. गाड्या भरण्याचं काम आमच्या टोळीला द्या, नाहीतर महिन्याला चाळीस हजार रोख द्या, नाही दिलेत तर हातपाय मोडून ठेवू, असं बोलून गेले. आता सोमवारपासून गेटवर धरणं धरणार असल्याचं पत्र आलंय. पोलिसांकडे अर्ज केला, तर 'कामगारांचा वाद आहे, लेबर ऑफिसला जा' म्हणाले.

उत्तर : तुमच्या अर्जाची प्रत वाचली. त्यात एवढंच आहे : 'काही इसमांनी धमकावले असून सोमवारचे आंदोलन थांबवून संरक्षण मिळावे.' ठाणे अंमलदाराने त्यातला 'आंदोलन' हा शब्द उचलला आणि हात झटकले. त्याला पूर्ण दोष देता येत नाही. शांतपणे जमून घोषणा देण्याचा हक्क घटनेच्या कलम १९ नेच दिलाय. तुमच्या सांगण्यावरून पोलीस तो मोडून काढणार नाहीत. पण चाळीस हजार आणि हातपाय, या दोन्ही गोष्टी अर्जात कुठेच नाहीत!

नुसती धमकी लिहिलीत तर बहुधा एनसी (अदखलपात्र नोंद) होईल, म्हणजे मॅजिस्ट्रेटच्या हुकमाशिवाय तपास नाही. जबर दुखापतीची भीती घालून पैसे मागणं मात्र भारतीय न्याय संहितेच्या कलम ३०८(४) खाली येतं. पैसे दिलेले नसले तरीही. शिक्षा सात वर्षांपर्यंत, गुन्हा दखलपात्र, म्हणजे पोलीस मॅजिस्ट्रेटच्या हुकमाची वाट न पाहता तपास करू शकतात. म्हणून कागद दोन करा.

पहिला कागद खंडणीच्या फिर्यादीचा. त्यात आंदोलनाचा उल्लेख नको. कोण, किती वाजता, कुणादेखत आणि नेमके कोणते शब्द बोलले, ते जसेच्या तसे लिहा. शिवी असेल तर शिवीसुद्धा. ऑफिसात सीसीटीव्ही असेल, तर डीव्हीआर जुनं रेकॉर्डिंग आपोआप पुसतो. तीन आठवडे झालेत, आज रात्रीच काढून ठेवा. दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की एफआयआर नोंदवलाच पाहिजे, हे सर्वोच्च न्यायालयाने ललिता कुमारी खटल्यात २०१३ मध्ये सांगितलंय. ठाण्यात नाही घेतला तर तोच मजकूर पोलीस उपायुक्तांना टपालाने पाठवा, आणि तिथेही काही हललं नाही तर प्रतिज्ञापत्रासह मॅजिस्ट्रेटकडे जा.

दुसरा कागद बंदोबस्ताचा. 'आंदोलन थांबवा' नाही, 'गाड्या आणि कामगार यांची ये-जा अडू नये' एवढंच मागा. गाड्यांच्या वेळा आणि गेटचा साधा नकाशा जोडा. दखलपात्र गुन्हा होऊ न देणं हे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (सीआरपीसीच्या जागी आलेल्या कायद्याच्या) कलम १६८ नुसार पोलिसांचं कामच आहे. त्याच कलमाखाली ते पुढाऱ्यांना नोटीस देतात. महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ४७ खाली स्वखर्चाने जादा पोलीस मागता येतात, पण बावीस कामगारांच्या युनिटला तो खर्च झेपणारा नाही, असं माझं मत. त्यापेक्षा दिवाणी न्यायालयातून गेटपासून ठरावीक अंतराच्या आत धरणं धरू नये, असा मनाई हुकूम मागणं बरं. हायकोर्टाची वाट शेवटी. तिथे पहिला प्रश्न हाच येतो की पोलिसांकडे लेखी कधी गेलात, तेव्हा प्रत्येक प्रतीवर आवक शिक्का घ्याच.

आता एक जरा कटू गोष्ट. तुमच्या गाड्या सध्या कोण भरतं? बाहेरचे हमाल रोखीवर येत असतील, तर १९६९ च्या माथाडी कायद्याखाली तुमची नोंदणी आहे का, ते सोमवारच्या आत तपासा. समोरचे बोगस असले तरी तुमची ती बाजू उघडी राहील. खरी टोळी माथाडी मंडळाकडे नोंदलेली असते आणि तिची मजुरी मालक मंडळात भरतो. रोख चाळीस हजार हातात मागणारा कोण, ते यावरून पोलिसांनाही कळेल.

'एकदाच देऊन टाका' असं शेजारचा युनिटवाला सांगेल. देऊ नका. सोमवारी गेटवर स्वतः जाऊन हुज्जत घालू नका. मॅनेजरला मोबाइलवर शूटिंग करायला सांगा, आणि गाडी अडवली की लगेच ११२.