साठवण तलावात गेलेल्या आमच्या बागायत जमिनीला जिरायत धरलं, विहीरही सोडली. पैसे उचलले, तर वाढीव मोबदल्याचा दावा करता येतो का?

येतो, पण पैसे ‘अंडर प्रोटेस्ट’, म्हणजे हरकत नोंदवून उचला आणि तसं लेखी ठेवा. ‘रक्कम घेतली की हक्क संपला’ असं गावात सांगतात म्हणता, ते अर्धंच खरं आहे. २०१३ च्या भूसंपादन कायद्याच्या कलम ७७ नुसार हरकत न नोंदवता रक्कम घेतली तर कलम ६४ चा, म्हणजे वाढीव मोबदल्याचा अर्ज करता येत नाही. हरकत नोंदवून घेतली तर अडचण नाही. मी जिल्हा न्यायालयात हेच दावे चालवतो, आणि पैसे तिकडेच पडू द्या असं कुणाही पक्षकाराला सांगत नाही.

हल्ली रक्कम थेट खात्यावर येते, त्यामुळे पासबुकाच्या झेरॉक्ससोबत जो कागद देता त्यावरच, सहीच्या वर, लिहा: ‘ही रक्कम मान्य नाही. वाढीव मोबदल्याचा हक्क राखून स्वीकारत आहे.’ याच मजकुराचा वेगळा अर्ज भूसंपादन अधिकाऱ्यांकडे द्या आणि आपल्या प्रतीवर आवक क्रमांकासह शिक्का घ्या. छापील संमतीपत्र पुढे केलं तर वाचल्याशिवाय सही नको. थेट खरेदीने २५ टक्के जादा घेऊन खरेदीखत करून दिलं असेल, तर मात्र निवाडाच (मोबदला ठरवणारा आदेश) नाही आणि कलम ६४ ही नाही.

मुदतीत ढिलाई नको. निवाड्याच्या वेळी तुम्ही किंवा तुमचा माणूस हजर असेल तर त्या तारखेपासून ६ आठवडे. नसेल तर नोटीस मिळाल्यापासून ६ आठवडे किंवा निवाड्यापासून ६ महिने, यातलं जे आधी संपेल ते. सबळ कारण असेल तर पुढच्या वर्षभरात उशिराचा अर्ज घेण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे, पण त्यावर विसंबू नका.

तुमची बागायत जिरायत धरली आणि विहीर सोडली, हा खरा मुद्दा. बाजारमूल्य एकरी १ लाखाने वाढलं, गुणक २ असला तर २ लाख, त्यावर १०० टक्के दिलासा रक्कम (जमीन सक्तीने घेतल्याबद्दलची भर), म्हणजे ४ लाख. (ग्रामीण भागासाठी गुणक १ ते २ असतो, निवाड्यात कोणता लावलाय ते आधी बघा.) बागायतीचा पुरावा घरातच सापडतो: सातबाऱ्यावरची पीक पाहणी, मोटारीचं वीजबिल, पाणीपट्टी, ऊस घालत असाल तर कारखान्याच्या पावत्या. विहिरीसाठी संयुक्त मोजणीचा पंचनामा मागवा. त्यात विहीर असून निवाड्यात गळाली, असं पुष्कळदा घडतं.

भावासाठी दुय्यम निबंधकाकडून प्राथमिक अधिसूचनेच्या आधीच्या ३ वर्षांतली, आपल्या किंवा लगतच्या गावातली खरेदीखतं काढा. त्यातल्या चढ्या भावाच्या निम्म्या व्यवहारांची सरासरी धरतात. ‘शेजारच्या धरणात अमक्याला एवढे मिळाले’ हे पारावर ठीक आहे, पण या कायद्याखाली आधी दिलेला मोबदला त्या सरासरीत येत नाही.

वेळ लागतो, खोटं कशाला सांगू. निकालानंतर सरकार अपिलात जातं, आणि पैसे थकले की दरखास्त, म्हणजे वसुलीसाठी कोर्टात अर्ज करावा लागतो. कार्यालयातल्या खुर्च्या-संगणक जप्त करायला बेलीफ गेल्याच्या बातम्या तुम्ही वाचल्या असतीलच. वाढीव रकमेवर ताब्यापासून पहिलं वर्ष ९ टक्के आणि पुढे १५ टक्के व्याज मिळतं, हा त्यातल्या त्यात आधार. वाढीव रकमेत टक्केवारी मागणारा वकील भेटला तर दुसरा बघा. बार कौन्सिलच्या नियमात ते बसत नाही आणि व्याजासकट मोठा वाटा जातो.

कोर्टकचेरी नको म्हणणाऱ्या तुमच्या चुलत्यांचंही लिहिलंय. त्यांची जमीन त्याच अधिसूचनेत असेल आणि तुमच्या दाव्यात प्राधिकरणाने (या कायद्याखाली मोबदल्याचे वाद ऐकणारं) भाव वाढवला, तर कलम ७३ खाली त्यांना निकालापासून ३ महिन्यांत जिल्हाधिकाऱ्यांकडे तोच भाव मागता येतो. ही तारीख त्यांना कुणी कळवणार नाही, तेव्हा निकालाची नक्कल हातात पडली की तुम्हीच त्यांच्या घरी जा.