बडोद्याहून व्हिस्की डिस्टिलरी आणि ब्रुअरीची गाइडेड टूर कुठे करता येईल?
बडोद्यात नाहीच. गुजरातेत १९६० पासून दारूबंदी, हे दांडिया बाजारातल्या आपल्या मंडळींना काय नव्याने सांगायचं! सरळ गोवा गाठा. कुंकळ्ळीला पॉल जॉन सिंगल माल्टची (एकाच डिस्टिलरीत, फक्त मोड आणलेल्या बार्लीपासून केलेल्या व्हिस्कीची) डिस्टिलरी गाइडसोबत दाखवतात, आधी बुकिंग करा. तांब्याचे पॉट स्टिल, म्हणजे व्हिस्की गाळायची भांडी, बघालच, पण खरी गंमत व्हिस्की मुरवायच्या लाकडी पिंपांच्या कोठारात. लाकडातून दरवर्षी थोडी व्हिस्की उडून जाते; स्कॉटलंडमध्ये साधारण २ टक्के, गोव्याच्या उकाड्यात त्याच्या कितीतरी पट. म्हणून ती तिथे लवकर मुरते. ब्रुअरीतही सुरुवात मोड आणून वाळवलेल्या बार्लीचीच, फक्त बिअरला हॉप्स (कडवट चव देणारी फुलं) घालून उकळतात आणि ऊर्ध्वपातन करत नाहीत. येताना बाटली मात्र आणू नका, नाक्यावर बॅग उघडली तर हौस महागात पडेल.