याहू मेसेंजर एवढं जोरात चालायचं, मग बंद का पडलं?

बंद पडायच्या बऱ्याच आधी ते संपलेलं होतं. १७ जुलै २०१८ ला कायमचं बंद झालं, आणि मला ती बातमी आली व्हॉट्सॲपवर, आता बोला.

कॉम्प्युटरवरून चॅट करायचं हे सॉफ्टवेअर १९९८ ला आलं तेव्हा नाव याहू पेजर होतं, वर्षभरात मेसेंजर झालं. मी त्यात पडलो २००२ च्या आसपास. टिळक रोडला एका बोळात सायबर कॅफे होता, चपला बाहेर, आत प्लायवूडची खुराडी, आणि भिंतीवर पाटी, 'हेडफोन लावून ओरडू नये, अमेरिकेत ऐकू येते'. आत्याचा मुलगा एमएस करायला गेलेला, म्हणून रविवारी संध्याकाळी मी आत्याला घेऊन जायचो. दादाचा आयडी म्हणजे नाव, अंडरस्कोअर, पुढे चार आकडे, कारण साधी नावं कधीच संपलेली. आत्याने तो कालनिर्णयच्या मागे लिहून ठेवलेला. एकदा अर्धा तास झाला तरी दादाची स्मायली राखाडीच, म्हणजे ऑफलाइन, मी बझ मारतोय, म्हणजे खिडकी हलवून हाक मारायचं बटण, आमचीच खिडकी थडथडतेय आणि आत्या म्हणतेय अरे हळू, मोडेल ते.

माझ्या मते खरी गोची इथेच होती, दोघांनी एकाच वेळी कॉम्प्युटरसमोर बसायचं, वर आयडी पासवर्ड लक्षात ठेवायचा. चॅटरूम तर बॉट्स (आपोआप मेसेज टाकणारे प्रोग्रॅम) आणि घाणीने भरलेल्या, लोकांनी काढलेल्या रूम २००५ मध्ये बंद केल्या, उरलेल्या २०१२ च्या डिसेंबरात. मोबाइलवर पण होतं म्हणा, पण आयडीचं लचांड तेच. मग २००९ मध्ये जान कूम आणि ब्रायन ॲक्टनने व्हॉट्सॲप काढलं, फोन नंबर हाच आयडी, विषय संपला. गंमत म्हणजे दोघंही आधी कित्येक वर्षं याहूतच नोकरीला होते! २०१४ ला फेसबुकने ते घ्यायचं ठरवलं तेव्हा आकडा होता १९ अब्ज डॉलर. याहूने २०१५ च्या शेवटी मेसेंजर नव्याने आणलं, पाठवलेला मेसेज परत घ्यायची सोय वगैरे चांगलीच होती, पण तोवर पाठवायचं कुणाला हाच प्रश्न होता.

आणि हो, दादा त्या रविवारी ऑनलाइनच होता, इनव्हिजिबल करून, म्हणजे आम्हाला ऑफलाइन दिसेल असं. लग्न झाल्यावर कबूल केलं, वहिनीशी बोलत होता म्हणे.