गावी पाठवलेला सासरा

माझे मिस्टर ४८ वर्षांचे आहेत. बरीच वर्षं नाटक, चित्रपट, मालिकांत छोट्या भूमिका करतात. हवालदार, सरपंच, मुलीचा बाप. गेल्या वर्षी एका मालिकेत छळवादी सासरा मिळाला आणि घरात पहिल्यांदा दरमहा पैसे आले. कपिलतीर्थ मार्केटात बायका मला ऐकवायच्या, "काय वो वैनी, तुमच्या मालकांनी सुनंला उपाशी ठेवलं की!" दोन महिन्यांपूर्वी ते पात्र 'गावी गेलं' आणि बोलावणं थांबलं. शेवटचे पैसेही यायचेत. माझा भाऊ उद्यमनगरातल्या त्याच्या वर्कशॉपात हिशेब बघायला या म्हणतोय. हे म्हणतात, कधीही फोन येईल. कंटिन्युटी जाईल, म्हणजे आधीच्या भागातला चेहरा पुढच्या भागात जुळणार नाही, म्हणून मिशीलाही कात्री लावत नाहीत. मुलगी बारावीला आहे. आता हा नाद सोडा म्हणून सांगू का?
– एक वाचक, मंगळवार पेठ, कोल्हापूर

ताई, नाद सोडा असं सांगू नका. मिशी काढा असं सांगा.

मालिकेत गावी गेलेलं पात्र सहसा परतीची एसटी पकडत नाही. टीआरपी बघून ट्रॅक वाढवतात नाहीतर गुंडाळतात, आणि सासऱ्याला ते कळवायचं काम कुणाच्याच अंगावर नसतं. एके दिवशी कॉल टाइमचा, म्हणजे शूटिंगला किती वाजता यायचं त्याचा, मेसेज येत नाही, एवढंच. यात त्यांच्या अभिनयाचा दोष नाही. पण मिशी राखून बसलेल्या नटाला दुसरी भूमिका सुचवणार कोण? नटांना कामं सुचवणाऱ्या कोऑर्डिनेटरच्या मोबाइलमध्ये त्यांचे फोटो असतील तेही त्याच मिशीचे, त्याच फेट्यातले.

एका साच्यात अडकणं काय असतं ते कोल्हापूरला वेगळं सांगायला नको. गणपत पाटील आपल्याच गावचे. तमाशापटांतला त्यांचा नाच्या इतका अस्सल वठला की लोकांनी तो पडद्यावर ठेवलाच नाही, त्यांच्या खऱ्या आयुष्याला चिकटवला. दाद मिळाली आणि तिचीच शिक्षाही झाली. तुमच्या मिस्टरांवर अजून तशी वेळ आलेली नाही, म्हणून घाई करा.

दाढीमिशी काढून, चष्मा लावून, साध्या हाफ शर्टात नवे फोटो काढा. मुख्याध्यापक, बँकेतला साहेब, डॉक्टर. मग ऑडिशनसाठी एक छोटा व्हिडिओ करा. मुलीला मोबाइल आडवा धरायला सांगा, उजेड खिडकीचा, मागे मोकळी भिंत. आधी नाव, उंची, येणाऱ्या भाषा. मग दोन वेगळ्या माणसांचं मिनिटभर बोलणं, त्यातला एक अस्सल कोल्हापुरी. आपली बोली पडद्यावर किती जण ओढूनताणून बोलतात, कान किटतात! यांना ती शिकावी लागलेली नाही, हे भांडवल आहे.

पैशांचं म्हणाल तर मालिकांचं मानधन साधारण ९० दिवसांनी येतं, त्यामुळे आत्ताच भांडण नको. मात्र कोणत्या तारखांना शूटिंग झालं ते लिहून ठेवा आणि मेसेज पुसू नका. मुदत उलटली की निर्मात्याकडे लेखी मागा. तरी दाद लागली नाही तर अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळाचं मुख्य कार्यालय कोल्हापुरातच आहे. हे सभासद असोत नसोत, जाऊन विचारायला रिक्षाभाड्यापलीकडे काही लागत नाही.

वर्कशॉपचं काम त्यांनी घ्यावं, असं माझं स्पष्ट मत आहे. निळू फुले माळीकाम करत होते, नट म्हणून त्यांचं काही अडलं नाही. अडचण वेगळीच आहे. मेहुण्यानं दाजींना कामाला ठेवलं, हे वाक्य त्यांना आत्तापासून ऐकू येत असणार. म्हणून हा विषय भावासमोर काढू नका, आणि भावालाही पुन्हा विचारू देऊ नका. दोघांनी बसून घरखर्च आणि मुलीच्या ॲडमिशनचा आकडा कागदावर मांडा. मग ते आपणहून उद्यमनगरात जातील असं बघा. जाताना दोन गोष्टी बोलून घ्यायच्या: पगार ठरलेला हवा, 'घरचंच आहे' म्हणून मागेपुढे नको, आणि शूटिंग किंवा ऑडिशन लागली की आदल्या संध्याकाळी सांगून सुट्टी, त्या दिवसाचा पगार कापला तरी चालेल.