मस्कतला कुटुंबासह येताना: ओमानी घरे, नाती आणि आपला वावर

नमस्कार.

तुमच्या यजमानांना मस्कतमध्ये नोकरी मिळाली आहे, आठ वर्षांची मुलगी तुमच्याबरोबर येणार आहे आणि सासूबाई अधूनमधून येऊन राहतील, असे तुम्ही लिहिले आहे. अरबी कुटुंबे फार परंपरानिष्ठ असतात असे ऐकून तुमच्या मनात तीन शंका आल्या आहेत: आपल्यावर बंधने येतील का, शेजारी आपल्याला जवळ करतील का, आणि कोणी घरी बोलावले तर कसे वागावे. माझा संसार बरीच वर्षे मस्कतमध्येच झाला असल्यामुळे मी केवळ ओमानविषयी लिहीत आहे. सौदी, कुवेत किंवा दुबईच्या अनुभवांवरून येथील घरांचा अंदाज बांधू नये, एवढे सुरुवातीलाच सांगते.

ओमानी समाजही एकसारखा नाही. अंतर्भागातील निझवा, बहला या बाजूची इबादी पंथाची (हा सुन्नी आणि शिया यांहून वेगळा इस्लामी पंथ) टोळीनिष्ठ कुटुंबे, किनाऱ्यावरील बलुची, मत्रह या बंदरभागातील लवातिया हे व्यापारी, दक्षिणेकडील धोफारी आणि पूर्व आफ्रिकेतील झांझिबारहून परतलेली, घरात आजही स्वाहिली बोलणारी कुटुंबे अशी अनेक घराणी एकाच गल्लीत राहतात. भारताशी या देशाचा संबंध जुना आहे. 1970 पर्यंत येथे रिझर्व्ह बँकेने आखातासाठी छापलेला रुपया चालत असे, आणि 1932 मध्ये गादी सोडलेले सुलतान तैमूर बिन फैसल यांचे 1965 मध्ये मुंबईतच निधन झाले. व्यापारासाठी किंवा औषधोपचारासाठी मुंबईला जाऊन आलेले वडीलधारे पुष्कळ घरांत भेटतात आणि ते तुमच्याशी आपणहून हिंदीत बोलतात. त्यामुळे भारतीय म्हणून तुम्ही येथे अनोळखी ठरणार नाही.

तुमच्या दुसऱ्या शंकेचे उत्तर मी आधी देते, कारण बाकी सारे त्यावर अवलंबून आहे. ओमानी माणूस बाहेर अतिशय अगत्यशील असतो आणि घराच्या आत अतिशय खासगी असतो. कार्यालयातील सहकारी तुमच्या यजमानांना पहिल्याच आठवड्यात खजूर आणि कहवा, म्हणजे अरबी कॉफी, देईल, तब्येतीची चार-चार वेळा विचारपूस करील, पण त्याच्या घरातील स्त्रियांचे त्यांना वर्षानुवर्षे दर्शनही होणार नाही. यात दुरावा नाही. घरात पाहुण्यांची बैठक, म्हणजे मजलिस, दारालगतच असते, तिला बहुधा बाहेरून स्वतंत्र दार असते आणि पुरुष पाहुणा तेथूनच येतो व तेथूनच जातो. स्त्रियांची बैठक आत असते. म्हणून अरबी कुटुंबजीवन जवळून पाहण्याची संधी तुमच्या घरात कोणाला असेल, तर ती तुम्हाला, मुलीला आणि सासूबाईंना. यजमानांनी सहकाऱ्याला पत्नीचे नाव विचारू नये किंवा 'वहिनी कशा आहेत' असेही म्हणू नये. 'घरची मंडळी कशी आहेत, मुले कशी आहेत' एवढे विचारणे रीतीला धरून आहे, आणि ते अवश्य विचारावे.

घरी बोलावणे आले की काय होते, ते थोडे सविस्तर सांगते. आमच्या शेजारच्या घरी मी पहिल्यांदा गेले तेव्हा चपला दाराबाहेर काढून आत गेल्यावर भिंतीकडेने मांडलेल्या गाद्यांवर बसलेल्या प्रत्येक बाईशी, उजवीकडून सुरुवात करून, एकेक करून हात मिळवावा लागला. घरातील आजीपाशी आल्यावर सुना तिच्या कपाळाचे चुंबन घेत होत्या. मग मध्यभागी मोठे ताट आले. आधी खजूर, केशर आणि गुलाबपाणी घातलेला चिकट ओमानी हलवा, कापलेली फळे, आणि त्यानंतर वेलदोड्याचा बिनसाखरेचा कहवा. कहवा ओतणारी मुलगी उभी राहून डाव्या हातात दल्ला, म्हणजे कहव्याची किटली, आणि उजव्या हातात फिंजान, म्हणजे बिनकानाचा छोटा कप, धरते, आणि तळाशी दोन-तीन घोट राहतील एवढाच कहवा ओतते. कप रिकामा झाला की ती पुन्हा भरते, आणि पुरे झाले हे तोंडाने न सांगता फिंजान हातात किंचित हलवून परत द्यायचे असते. घेणे-देणे उजव्या हातानेच करायचे. शेवटी धुपाटण्यातील बखूर, म्हणजे सुगंधी धूप, फिरवला जातो, बायका ओढणीखाली तो धूर घेतात, अत्तराच्या कुप्या पुढे येतात, आणि त्यानंतर पाहुण्याने फार वेळ बसायचे नसते. हे मला शेजारणीनेच पुढे मोकळेपणाने सांगितले. तुम्ही शाकाहारी असाल तर पहिल्याच वेळी स्पष्ट सांगावे. त्यांना वाईट वाटत नाही. ऐन जेवणाच्या वेळी ताटातले अन्न बाजूला सारलेले मात्र खटकते.

भेटीला जाताना रिकाम्या हाताने जाऊ नये. आपल्या घरचे लाडू किंवा चकली तेथे फार आवडीने खाल्ली जाते. ताट रिकामे परत येत नाही, त्यामुळे ही देवघेव एकदा सुरू झाली की चालू राहते.

आठवड्याची रचना समजली की कुटुंबाचे स्थान समजते. येथे सुटी शुक्रवार-शनिवारची असते. 2013 पर्यंत ती गुरुवार-शुक्रवारची होती. गुरुवारी दुपारनंतर निझवा, सूर, रुस्ताककडे जाणारे रस्ते गाड्यांनी भरून जातात, कारण मस्कतमध्ये नोकरी करणारा ओमानी माणूस आपले खरे घर गावाकडचेच मानतो. गणपतीत मुंबईचा चाकरमानी कोकणात निघतो, तसे हे लोक दर आठवड्याला निघतात. शुक्रवारच्या नमाजानंतरचे जेवण आईच्या किंवा सर्वांत वडील व्यक्तीच्या घरी होते, विवाहित मुले-मुली, जावई, नातवंडे सगळी जमतात, आणि पुरुष व बायका वेगवेगळ्या ताटांभोवती बसून भात आणि मांस खातात. त्या दिवशी कोणत्याही ओमानी सहकाऱ्याला कामासाठी फोन करू नये. ईदला हीच गर्दी तीन-चार दिवस राहते. मसाला लावून पानांत गुंडाळलेले मांस जमिनीतील भट्टीत एक-दोन दिवस शिजवण्याचा शुवा हा प्रकार सगळा मोहल्ला मिळून करतो.

लग्नाविषयी तुमचे कुतूहल स्वाभाविक आहे. लग्न दोन घराण्यांमध्ये ठरते, वधूच्या बाजूने वली म्हणजे पालक करार करतो, आणि वर वधूला मेहर देतो, जी तिची स्वतःची मालमत्ता असते. स्त्री लग्नानंतर नाव बदलत नाही. ती आयुष्यभर अमुक बिंत अमुक, म्हणजे वडिलांचीच मुलगी राहते. हे मला मनापासून आवडते. चुलत भावंडांची लग्ने येथे पुष्कळ होतात. आपल्याकडे मामाची मुलगी अनेक समाजांत चालते, पण चुलत बहीण सख्ख्या बहिणीसारखी मानतात, त्यामुळे आपल्या माणसाला हे ऐकताना अवघड वाटते. तेथे मात्र ते घराण्याला घट्ट धरून ठेवणारे नाते आहे, म्हणून त्यावर मत मांडू नये. मला न पटणाऱ्या गोष्टीही आहेत. टोळीची, म्हणजे कुळाची, बरोबरी पाहण्याच्या आग्रहामुळे शिकलेल्या, नोकरी करणाऱ्या मुलींची मनाजोगती स्थळे मोडलेली मी पाहिली आहेत, आणि वाढत्या मेहरमुळे तरुणांची लग्ने लांबतात, हे ओमानी लोक स्वतःच बोलून दाखवतात. म्हणूनच काही भागांत सामुदायिक विवाह लावले जातात.

याचा अर्थ बायका घरात कोंडलेल्या असतात असा मुळीच नाही. बँकेत, इस्पितळात, मंत्रालयात, शाळेत त्या दिसतात, स्वतः गाडी चालवतात, आणि 2004 मध्ये येथील एक महिला उच्च शिक्षणमंत्री झाल्या. अबाया, म्हणजे कपड्यांवरून घालायचा काळा पायघोळ झगा, तुम्हाला सक्तीची नाही. खांदे व गुडघे झाकणारे कपडे पुरेसे आहेत; आपली साडी आणि सलवार-कमीज येथे नित्याची आहे. यजमानांनी ओमानी स्त्रीपुढे स्वतः होऊन हात करू नये, तिने केला तरच मिळवावा. कोणाच्याही घरातील बायकांचे छायाचित्र काढू नये, आणि मुलीच्या मैत्रिणींची छायाचित्रे तिच्या आईला विचारल्याशिवाय कोठेही टाकू नयेत. विवाहाशिवाय एकत्र राहणे कायद्याने गुन्हा आहे, ही बाब तुम्हाला लागू नसली तरी पुढे पाहुणे म्हणून येणाऱ्या भाचे-पुतण्यांसाठी ध्यानात ठेवावी.

रमजानमध्ये दिवसा सार्वजनिक ठिकाणी खाणे-पिणे सर्वांनाच निषिद्ध आहे आणि त्यास शिक्षा आहे. गाडीत पाणी पिणेही टाळावे. लहान मुलांकडे कोणी डोळे वटारत नाही. मुस्लिम कर्मचाऱ्यांचे काम त्या महिन्यात रोज सहा तासांचे असते आणि घरचे सारे आयुष्य सूर्यास्तानंतर सुरू होते. रमजानच्या मध्याला मुले सजून गल्लीत दारोदार गाणी म्हणत खाऊ मागतात, त्याला करनकशू म्हणतात. मुलीला त्यात नक्की पाठवा आणि दारात येणाऱ्या मुलांसाठी खाऊ आणून ठेवा.

शेजारी कोणी वारले तर संकोच करू नका. दफन बहुधा त्याच दिवशी होते, आणि तीन दिवस लोक सांत्वनाला येतात, पुरुष मशिदीलगतच्या सभागृहात आणि बायका घरी. तुम्ही साध्या, गडद कपड्यांत जावे, चार शब्द बोलून थोडा वेळ बसावे, कहवा घेऊन उठावे. विधवा चार महिने दहा दिवस घरात राहते. नोकरी करणाऱ्या मुस्लिम विधवेला त्यासाठी 130 दिवसांची रजा कामगार कायद्यानेच दिलेली आहे. या तीन दिवसांत सांत्वनाला आलेल्या माणसाला ही कुटुंबे कधीही विसरत नाहीत.

सासूबाईंची काळजी मुळीच करू नका. वृद्ध आई घरात असणे येथे भाग्याचे मानतात. त्या तुमच्याबरोबर दिसल्या की तुमच्याविषयीचा आदर वाढेल, आणि रांगेत त्यांना आपोआप पुढे केले जाईल. देवदर्शनासाठी जुन्या मस्कतमधील मोतीश्वराचे देऊळ आणि दारसैतचे कृष्णमंदिर आहे. आपली पूजाअर्चा घरात निःसंकोच करावी, धर्मप्रसाराचा विषय मात्र टाळावा.

एक गोष्ट कठीण असली तरी सांगणे भाग आहे. तुमचे येथील वास्तव्य यजमानांच्या नोकरीवर अवलंबून राहील, आणि नोकरी संपली आणि दुसरी मिळाली नाही, तर सगळ्या कुटुंबाला निघावे लागते. ओमानी मैत्रिणी हे जाणतात, म्हणूनच काही जणी सुरुवातीला जीव लावत नाहीत. पुढाकार तुम्हालाच घ्यावा लागेल.

मुलगी बहुधा भारतीय शाळेत जाईल आणि तेथे तिला ओमानी मुले जवळजवळ भेटणार नाहीत. म्हणून घर कोठे घ्यायचे याला फार महत्त्व आहे. मस्कतच्या रुवी भागात भारतीय दुकाने, डॉक्टर, बस सारे हाताशी आहे, पण शेजार मुख्यतः आपलाच असतो. अल खुद, अल हैल किंवा मवालेह या उपनगरांत ओमानी कुटुंबांच्या घरांमध्ये वरचा मजला भाड्याने मिळतो. शाळा दूर पडते आणि गाडीशिवाय चालत नाही. माझे मत दुसऱ्या पर्यायाच्या बाजूने आहे. यजमानांना आधी येऊ द्या, आणि घर नक्की करण्यापूर्वी त्यांनी घरमालकाला दोन प्रश्न विचारावेत: खाली स्वतः त्याचे कुटुंब राहते का, आणि त्याला तुमच्या मुलीच्या वयाची मुले आहेत का.