ल्युसिल बॉल या अमेरिकन अभिनेत्रीला इतकं महत्त्व का दिलं जातं?
कारण ती नुसती विनोदी नटी नव्हती, स्टुडिओची मालकीणही होती.

जन्म १९११ चा, न्यूयॉर्क राज्यातल्या जेम्सटाउनचा. हॉलिवूडमध्ये १९३३ पासून होती, पण वाट्याला बहुतेक दुय्यम चित्रपटच आले. नाव झालं ते चाळिशीत, १९५१ साली सीबीएस या अमेरिकन टीव्ही चॅनेलवर सुरू झालेल्या ‘आय लव्ह ल्युसी’ या विनोदी मालिकेमुळे. नवऱ्याच्या भूमिकेत खरा नवरा, क्यूबाचा डेसी आर्नाझच हवा, यावर ती अडून बसली. चॅनेलवाले आधी कां-कूं करत होते.

खरी गंमत पडद्यामागे आहे. तेव्हा बरेच कार्यक्रम न्यूयॉर्कहून थेट प्रसारित व्हायचे. या दोघांनी लॉस एंजेलिसमध्ये प्रेक्षकांसमोर, तीन कॅमेरे लावून फिल्मवर चित्रीकरण केलं. खर्च वाढला, म्हणून मानधन कमी घेतलं आणि बदल्यात फिल्मची मालकी मागून घेतली. पुनःप्रसारणाचा पैसा त्यातूनच आला. माझ्या मते तिच्या अभिनयाइतकीच ही हुशारीही मोठी.

१९६० मध्ये घटस्फोट झाला. १९६२ मध्ये तिने आर्नाझचा हिस्सा विकत घेऊन दोघांचा डेसिलू स्टुडिओ स्वतः चालवला. ‘स्टार ट्रेक’ ही टीव्ही मालिका तिथलीच! १९६७ मध्ये स्टुडिओ विकला. १९८९ मध्ये तिचं निधन झालं.