वाचकांचे प्रश्न : बालकलाकाराची नायिका होते तेव्हा

प्रश्न : माझी मुलगी 11 वर्षांची असून सहावीत शिकते. आमच्या गावच्या मंडईत, म्हणजे दिवाळीनंतरच्या जत्रेत, दरवर्षी नाटक होते आणि गेली दोन वर्षे त्यातले लहान मुलीचे काम तिच्याकडेच येते. वडशाच्या एका नाट्यमंडळाने पुढच्या हंगामासाठी तिच्याबद्दल विचारणाही केली आहे. माझ्या भाचीने तिला मोबाइलवर फिलिपीन्सच्या मालिका दाखवल्या. त्यांतली कॅथरिन बर्नार्डो ही अभिनेत्री लहानपणापासून काम करत करत एवढी मोठी झाली हे कळल्यापासून मुलीने तोच ध्यास घेतला आहे. या अभिनेत्रीला हे कसे साधले आणि आमच्यासारख्यांनी त्यातून काय घ्यावे? एका गृहस्थांनी मुलीचे फोटो काढून मुंबईत ओळख करून देण्यासाठी 40 हजार रुपये मागितले आहेत. ते द्यावेत का?
— एक आई, ब्रह्मपुरी तालुका, जिल्हा चंद्रपूर

उत्तर : शेवटच्या प्रश्नाचे उत्तर आधी देते, कारण ते दोन शब्दांचे आहे. देऊ नयेत. ज्याला मुलीचे काम हवे असते तो तिला मेहनताना देतो, तिच्या आईकडून पैसे मागत नाही.

आता कॅथरिनबद्दल. तिचा जन्म 26 मार्च 1996 रोजी नुएवा एसिहा प्रांतातल्या कबानातुआन या शहरात झाला. आपल्याकडे भंडारा-गोंदिया जसे धानाचे जिल्हे, तसा हा प्रांत फिलिपीन्सचे भाताचे कोठार म्हणून ओळखला जातो, त्यामुळे आपल्या मुलीला तिथला मुलूख अगदीच परका वाटणार नाही. 2003 मध्ये, वयाच्या सातव्या वर्षी, एबीएस-सीबीएन या वाहिनीच्या एका मालिकेत नायिकेच्या बालपणाची छोटी भूमिका तिला मिळाली. तिथल्या मालिकांत नायक-नायिकेचे बालपण सुरुवातीचे काही भाग तपशिलाने दाखवण्याची पद्धत आहे, आणि त्यामुळे बोलक्या चेहऱ्याच्या, सांगितलेले चटकन उचलणाऱ्या मुलांना तिथे सतत काम असते. हे काम फार चमकणारे नसते. मालिका पंधरा-वीस वर्षांनी पुढे सरकली की मूल पडद्यावरून जाते आणि लोक मोठ्या नायिकेलाच लक्षात ठेवतात.

अशी छोटी कामे ती सात वर्षे करत राहिली. आपल्या मुलीला कोणी या प्रवासाची गोष्ट सांगितली असेल तर त्यात ही सात वर्षे एका वाक्यात उरकली असतील, आणि माझ्या मते खरी गोष्ट तिथेच आहे. त्या काळात ती 'गोइंग बुलिलित' या कार्यक्रमातही होती. 'बुलिलित' म्हणजे चिमुकला. 2005 मध्ये सुरू झालेल्या या विनोदी कार्यक्रमात सगळी पात्रे मुलेच करत आणि साधारण बारा-तेराव्या वर्षी मूल मोठे झाले की त्याला रीतसर निरोप दिला जाई. त्याचे दिग्दर्शन करणारे एडगर मॉर्तीस हे स्वतः किशोरवयात लोकप्रिय झालेले कलावंत होते. टाळ्या थांबल्यावर लहान कलावंताचे काय होते, हे ज्याने स्वतः पाहिले आहे अशा माणसाच्या हाताखाली मुले शिकत होती. शिवाय वाहिनीचीच स्टार मॅजिक नावाची कलावंत घडवणारी शाखा होती. म्हणजे मूल उंच झाले, आवाज बदलला, चेहरा पूर्वीसारखा गोंडस राहिला नाही, तरी त्याला लगेच घरी पाठवले जात नव्हते आणि त्याच घरात पुढचे काम शोधले जात होते. आपल्या भाषेत सांगायचे तर धानाचे पऱ्हे (रोपे) टाकणारा आणि रोवणी करणारा धनी एकच होता.

2010 च्या ऑक्टोबरमध्ये 'मारा क्लारा' ही मालिका सुरू झाली, तेव्हा कॅथरिन 14 वर्षांची होती. जन्मतःच अदलाबदल झालेल्या दोन मुली, एक गरिबाघरी वाढलेली आणि एक श्रीमंताघरी, अशी ती कथा आहे. यातली मारा तिने केली आणि क्लारा केली ज्यूलिया माँतेसने, जी 'गोइंग बुलिलित'मधूनच आलेली होती. ही मालिका नवी नव्हती. 1992 मध्ये ती प्रथम आली तेव्हा माराची भूमिका ज्युडी अॅन सांतोसने केली होती, आणि तीही बालकलाकार म्हणून पुढे आलेली, त्या वेळी साधारण याच वयाची मुलगी होती. वाहिनीने जुने यश पुन्हा वापरले हे खरे, पण वापरले कोणत्या वयासाठी हे पाहावे. चौदा वर्षांच्या मुलीला चौदा वर्षांच्या मुलीचेच काम दिले. तिला साडी नेसवून नायिका केली नाही आणि दोन वेण्या घालून बाळही ठेवले नाही. आपल्याकडे या वयाच्या मुलींसाठी भूमिकाच लिहिल्या जात नाहीत, ही मला मोठी उणीव वाटते. आपल्या रंगभूमीवर मूल असते किंवा बाई असते, मधली मुलगी क्वचितच दिसते.

त्यापुढचा भाग आपल्या मुलीला माहीत असेलच, म्हणून थोडक्यात सांगते. 2012 मध्ये 'प्रिन्सेस अँड आय' ही मालिका आली, जिचे काही चित्रण भूतानमध्ये झाले होते. 2018 चा 'द हाउज ऑफ अस' आणि 2019 चा 'हॅलो, लव्ह, गुडबाय' हे दोन्ही चित्रपट आपापल्या वेळी फिलिपीन्समधले सर्वाधिक कमाई करणारे ठरले, आणि 2024 चा 'हॅलो, लव्ह, अगेन' हा एक अब्ज पेसोंच्या पुढे गेलेला तिथला पहिला चित्रपट झाला. यांतल्या 2019 च्या चित्रपटात ती हाँगकाँगमध्ये घरकाम करणाऱ्या फिलिपिनो मुलीच्या भूमिकेत आहे. पोटासाठी परदेशी गेलेल्या बायका त्या देशात घरोघरी असल्यामुळे ती भूमिका लोकांना आपल्या बहिणीची वाटली. तेव्हा कॅथरिन 23 वर्षांची होती. पहिल्या छोट्या कामापासून इथवर यायला सोळा वर्षे लागली.

आता आपल्या मुलीचे. आपल्या भागातल्या झाडीपट्टी रंगभूमीला कमी लेखू नये. वडशाच्या मंडळांची नाटके दिवाळीनंतर सुरू होतात, मंडई आणि शंकरपट (बैलांच्या शर्यती) यांच्या निमित्ताने गावोगाव रात्रभर चालतात आणि हजारो माणसे थंडीत बसून ती पाहतात. तिथेच आयुष्य घातलेल्या परशुराम खुणे यांना 2023 मध्ये पद्मश्री मिळाली. एवढ्या मोठ्या जमावापुढे आवाज मागच्या रांगेपर्यंत पोहोचवणे ही मुंबईतल्या कोणत्याही वर्गात विकत न मिळणारी शिकवण आहे. अडचण रात्रीची आहे. फिलिपीन्समध्ये 15 वर्षांखालील मुलाला रात्री 8 ते सकाळी 6 या वेळेत काम देता येत नाही, आणि दिवसाला 4 तास व आठवड्याला 20 तास ही मर्यादा आहे. तो नियम आपल्या मंडईला लावला तर पडदा वर जाण्याआधीच आपल्या मुलीला झोपायला पाठवावे लागेल. तेवढे कडक राहणे आपल्याला जमणार नाही हे मी समजू शकते. तरीही मंडळाशी बोलताना तीन गोष्टी आधीच ठरवून घ्याव्यात: तिचे काम पहिल्या अंकात संपावे, दुसऱ्या दिवशी शाळा असेल त्या रात्री प्रयोग घेऊ नये आणि प्रवासात आपण किंवा घरचे मोठे माणूस सोबत असावे. यातली कोणतीही एक अट मंडळाने नाकारली तर हा हंगाम सोडून द्यावा. ती अजून सहावीतच आहे.

प्रश्न : मी निवृत्त शिक्षक आहे. माझ्या नातींच्या तोंडी सतत या फिलिपिनो कलावंतांच्या जोड्यांची नावे असतात. पंधरा-सोळा वर्षांच्या मुलामुलीची जोडी लावायची आणि ती खरीच आहे असे लोकांना भासवायचे, हा प्रकार मला योग्य वाटत नाही. हे तिथे सर्वमान्य आहे काय?
— एक वाचक, कुरखेडा, जिल्हा गडचिरोली

उत्तर : गुरुजी, सर्वमान्य आहे आणि जुनेही आहे. तिथे त्याला 'लव्हटीम' म्हणतात. पहिल्या उत्तरात ज्यांचा उल्लेख आला त्या एडगर मॉर्तीस यांची किशोरवयातली जोडी विल्मा सांतोस यांच्याशी होती. त्याही बालकलाकार. 1963 मध्ये, वयाच्या नवव्या-दहाव्या वर्षी, त्यांचा पहिला चित्रपट आला आणि पुढे त्या बातांगास प्रांताच्या गव्हर्नर झाल्या. कॅथरिनची जोडी डॅनियल पादिया याच्याशी लागली. दोघांच्या नावांचे तुकडे जोडून चाहत्यांनी 'कॅथनील' असे नाव केले. ती जोडी पडद्याबाहेरही खरी ठरली, आणि 30 नोव्हेंबर 2023 रोजी दोघांनी वेगळे झाल्याचे जाहीर केले तेव्हा घरातले लग्न मोडल्यासारखी चर्चा झाली.

आपली हरकत मला पटते. मोठ्या माणसांना स्वतःच्या मनाचा थांग लागत नाही, तिथे सोळाव्या वर्षी लाखो लोकांच्या इच्छेखाली मुलांनी तो कसा लावावा? मात्र एक दुसरी बाजूही आहे. किशोरवयातल्या ज्या अवघड वर्षांत बहुतेक बालकलाकार विसरले जातात, ती वर्षे या जोडीमुळे निभावून जातात, कारण चाहते चेहऱ्यावर नव्हे, तर नात्यावर जीव लावतात. त्याची किंमत पुढे मोजावी लागते. जोडीतून बाहेर पडून स्वतःच्या बळावर उभे राहता येते का, ही खरी परीक्षा असते. कॅथरिनने ती परीक्षा जोडी तुटण्याआधीच दिली, कारण 2019 च्या त्या चित्रपटात तिचा नायक प्रतिस्पर्धी वाहिनीचा आल्डेन रिचर्ड्स होता. नातींना जोडीच्या बातम्या वाचण्यापासून अडवू नये. तो चित्रपट मात्र त्यांच्याबरोबर बसून पाहावा.

प्रश्न : आमच्या भागात एका मराठी चित्रपटाचे चित्रीकरण झाले. त्यात माझ्या 9 वर्षांच्या मुलाला 12 दिवसांचे काम मिळाले. सगळे पैसे माझ्या खात्यात आले. शेतात बोअर मारायची आहे. मोठे भाऊ म्हणतात त्यातच लावून टाक, पत्नीचा विरोध आहे. नियम काय सांगतो?
— एक शेतकरी, साकोली तालुका, जिल्हा भंडारा

उत्तर : सगळे पैसे आपल्या खात्यात यायलाच नको होते. बालमजुरीच्या कायद्यात 2016 मध्ये दुरुस्ती झाली आणि 2017 मध्ये नवे नियम आले. त्यांनुसार चित्रपटात मुलाला घेण्यापूर्वी निर्मात्याने जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची असते, मुलाकडून दिवसाला 5 तासांहून अधिक आणि विश्रांतीशिवाय सलग 3 तासांहून अधिक काम करून घ्यायचे नसते. त्याच्या कमाईतला किमान 20 टक्के भाग राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावे मुदत ठेवीत थेट भरायचा असतो, जो त्याला सज्ञान झाल्यावर मिळतो.

फिलिपीन्सच्या 2003 च्या कायद्यातही 20 टक्क्यांचाच आकडा आहे, पण तो नेमका उलट्या बाजूने लावलेला आहे. तिथे मुलाची कमाई मुलाच्याच मालकीची मानली जाते, ती आधी त्याच्या पालनपोषणावर व शिक्षणावर खर्चायची असते, आणि कुटुंबाच्या सामाईक गरजांसाठी तिच्यातला जास्तीत जास्त 20 टक्के भागच वापरता येतो. वर्षाची कमाई 2 लाख पेसोंवर पोहोचली की किमान 30 टक्के रक्कम विश्वस्त निधीत ठेवून पालकांना दर सहा महिन्यांनी कामगार खात्याला हिशेब द्यावा लागतो. आपल्याकडे वीस टक्के मुलाचे राखले जातात, तिथे वीस टक्के घराला मिळतात. मला तिथली मांडणी अधिक न्याय्य वाटते.

आपल्या घरातल्या या वादात आपल्या पत्नी बरोबर आहेत. तरीही बोअरशिवाय उन्हाळी धान निघत नाही हे मलाही ठाऊक आहे. वीस टक्के बाजूला काढल्यावर उरलेल्यातले काही बोअरला घ्यायचेच असतील तर ते मुलाकडून घेतलेले उसने आहेत असे वहीत तारखेनिशी लिहून ठेवावे, खाली आपण दोघांनी सही करावी आणि पीक विकले की फेड सुरू करावी. त्याआधी निर्मात्याला पत्र लिहून परवानगीची प्रत आणि मुदत ठेवीची पावती मागावी. उत्तर आले नाही तर तीच मागणी जिल्हाधिकारी कार्यालयात लेखी द्यावी. चित्रीकरण संपून गेले म्हणून तो हक्क संपत नाही.